मोडशी, खंदक आणि हॉब्सन-जॉब्सन

तंजावरचे मराठी राज्य १८५५ साली खालसा झाले. शेवटच्या शिवाजी राजांना मुलगा नव्हता आणि कंपनी सरकारला तेवढे निमित्त पुरले. राज्य गेले, पण राजवाड्यातला ग्रंथसंग्रह जागच्या जागी राहिला. सरफोजी राजांनी काशीपर्यंत जाऊन जमवलेल्या पोथ्या, ताडपत्रे, मोडी दफ्तरे असा तो डोंगर होता. त्यातल्या संस्कृत पोथ्यांची शिस्तशीर यादी करण्याचे काम मद्रास सरकारने ज्याच्याकडे सोपवले, तो तंजावरचा इंग्रज न्यायाधीश आर्थर बर्नेल. १८६० साली, विशीत, तो हिंदुस्थानात आला होता. दिवसा कचेरीतले खटले आणि उरलेल्या वेळात पोथ्या असा त्याचा क्रम होता. १८८० साली यादी छापून झाली तेव्हा माणूस पुरता खचला होता. उष्ण हवा आणि अतोनात काम यांनी त्याला पोखरले होते.

याच बर्नेलचा एक उद्योग मात्र यादीत बसणारा नव्हता. १८७२ पासून तो सिसिलीतल्या पालेर्मो शहरी राहणाऱ्या एका निवृत्त इंजिनिअराशी पत्रव्यवहार करत होता. कर्नल हेन्री यूल हा स्कॉटिश माणूस. बंगालच्या इंजिनिअर पलटणीत कालव्यांची कामे करून त्याने १८६२ साली नोकरी सोडली, आजारी बायकोला मानवेल अशा हवेत जाऊन राहिला आणि तिथे बसून मार्को पोलोच्या प्रवासवर्णनाची अशी काही टीपांसह आवृत्ती काढली की युरोपभर नाव झाले. दोघांची प्रत्यक्ष भेट तोवर एकदाच, लंडनच्या इंडिया लायब्ररीत झालेली. पत्रांतून कळले की दोघांनाही एकच खोड आहे: हिंदुस्थानातल्या इंग्रजांच्या तोंडी बसलेले चमत्कारिक शब्द टिपून ठेवायचे आणि ते कुठून आले याचा माग काढायचा. मग वह्या एकत्र करायचे ठरले. बर्नेलकडे संस्कृत, दक्षिणेकडच्या भाषा आणि पोर्तुगीज कागद. यूलकडे अरब, इटालियन, डच, फ्रेंच प्रवाशांचे सगळे साहित्य.

बर्नेल १८८२ साली वारला, अवघ्या बेचाळिसाव्या वर्षी. यूल तोवर लंडनला परतून इंडिया कौन्सिलात बसत होता. त्याने काम नेटाने पुढे रेटले आणि १८८६ साली, पहिल्या पत्राला चौदा वर्षे झाल्यावर, जॉन मरी या प्रकाशकाने पुस्तक बाहेर काढले. मुखपृष्ठावर दोघांचीही नावे होती. पुस्तकाचे नाव: हॉब्सन-जॉब्सन.

या नावाने तेव्हाच्या गंभीर मंडळींच्या कपाळाला आठ्या पडल्या. यूलला त्याची कल्पना असावी, कारण प्रस्तावनेत त्याने आधीच खुलासा करून ठेवला. त्याच्या एका मित्राने फार चांगले पुस्तक लिहिले होते आणि नाव दिले होते 'तीन निबंध', तेही निनावी. खप अर्थात बेताचा. दुसरा मित्र म्हणाला की त्यापेक्षा 'एक पुस्तक, एका गड्याचे' असे नाव दिले असते तरी वाचक जास्त मिळाले असते. तेव्हा शब्दकोशाला 'शब्दकोश' म्हणून कोपऱ्यात ढकलण्याची यूलची तयारी नव्हती.

हॉब्सन आणि जॉब्सन ही इंग्रजांतली अगदी रोजची आडनावे वाटतात. पण ती मुळात माणसेच नाहीत. मोहरमच्या मिरवणुकीत छाती पिटत 'या हसन! या हुसेन!' असा जो आक्रोश चालतो, तो गोऱ्या शिपायांच्या कानांनी असा ऐकला. एका दिवसात नव्हे. सतराव्या शतकापासूनच्या प्रवासवर्णनांतून यूलने या आरोळीची वेगवेगळी रूपे जमवली. १६७३च्या सुमारास सुरत-मुंबई भागात वावरणाऱ्या डॉक्टर जॉन फ्रायरने ती 'होसीन गोसीन' अशी लिहिली. पुढे पलटणीच्या बराकींत त्याला ओळखीच्या आडनावांचा आकार आला. परका शब्द आपल्या घरच्या शब्दासारखा करून घ्यायचा या प्रकाराला भाषाशास्त्रातही पुढे हॉब्सन-जॉब्सनचे नाव मिळाले. कर्बलाचा शोक लंडनच्या दुकानदारांच्या आडनावांत शिरला. त्याची कीव करावी की हसावे हे ज्याचे त्याने ठरवावे. यूल हसला, पण मिश्कीलपणे. त्याला तो आपल्याच लोकांवरचा विनोद वाटत होता.

कोशाची रीत मात्र विनोदी नव्हती. प्रत्येक शब्दाखाली आधी उगमाची चर्चा आणि मग तो शब्द कोणी, कुठे, कोणत्या साली वापरला त्याची उतारेवार साखळी, सर्वांत जुना उतारा वर. साल नसलेल्या तर्काला यूल सहसा भीक घालत नसे. 'सहसा' हा शब्द मुद्दाम वापरला आहे. त्याचे कारण पुढे येईल.

आपल्याकडच्या वाचकाने या जाडजूड पुस्तकात आधी कुठे जावे, तर मोडशीकडे. कोकणात आणि गोव्यात पोट बिघडून ओकारी-जुलाब सुरू झाले की मोडशी झाली म्हणतात. मोडणे या क्रियापदातून आलेले, अंग मोडून टाकणाऱ्या दुखण्याचे नाव. सोळाव्या शतकात गोव्यात पटकीची साथ आली की पोर्तुगीजांच्या कानी हाच शब्द पडे. गार्सिया द ओर्ता हा पोर्तुगीज वैद्य (मुंबई बेट काही काळ ज्याच्याकडे पट्ट्याने होते तोच) १५६३ साली गोव्यात छापलेल्या आपल्या ग्रंथात या रोगाचे तपशीलवार वर्णन करतो आणि स्थानिक नावही देतो. पोर्तुगिजांनी शब्दाला आपल्या वळणावर नेऊन मोर्देशिम केले. इथवर ठीक. पुढे फ्रेंच प्रवासी आले. त्यांना मोर्देशिममध्ये आपली भाषा ऐकू आली आणि त्यांनी लिहून टाकले 'मोर द शियँ', म्हणजे कुत्र्याचे मरण! मग फ्रेंचांकडून तो इंग्रजांच्या पुस्तकांत गेला. इतके भयंकर दुखणे म्हणजे कुत्र्याच्या मौतीने मरणेच, असे वाचणाऱ्यालाही पटत असणार. जुन्या वर्णनांत उपाय असा दिला आहे की रोग्याच्या टाचेला तापलेल्या लोखंडाचा डाग द्यावा. कोकणातल्या कुठल्या तरी घरात उच्चारलेला शब्द तीन साम्राज्यांच्या बोटींवरून फिरून, अर्थाला नवी दंतकथा चिकटवून घेऊन आला, आणि तो उलगडून त्याच्या मूळ घरी नेऊन पोचवला तो यूल-बर्नेलने.

कोशातले पश्चिम किनाऱ्याचे शब्द वाचताना एक गोष्ट लक्षात येते. विद्वानांनी ग्रंथांतून नेलेले शब्द फार थोडे आहेत. खलाशी, गुमास्ते, स्वयंपाकी, दलाल यांनी बंदरावर दिले-घेतलेले शब्दच जास्त. आंग्र्यांच्या आरमारातली गलबते इंग्रजांच्या कागदांत 'गॅलिव्हॅट' म्हणून येतात, गुराबांचे होते 'ग्रॅब'. साप मारणारे आमचे मुंगूस इंग्रजीत 'मंगूस' झाले. फ्रायर लिहितो की गोव्याजवळच्या नेरूळची दारू फार चांगली निघते आणि या किनाऱ्यावरचे इंग्रज तिच्यात आणखी चार जिनसा घालून जे पेय करतात त्याला पाच या अर्थाचे नाव आहे: पंच. आज लंडनच्या मेजवानीत पंच वाढताना कोणी पाच मोजत नाही. त्यात फळांचा रस किती आणि दारू किती एवढाच प्रश्न असतो.

इंग्रजांच्या तीन इलाख्यांतली आपापसातली टोपणनावेही कोशात नोंदली आहेत. मद्रासवाले म्हणजे 'मल', कारण ते मुळगुतण्णी, म्हणजे मिरीचे पाणी, पितात. बंगालवाले 'क्वाय-हाय', कारण नोकराला हाक मारताना ते 'कोई है?' असे ओरडतात. आणि मुंबईवाले 'डक्स'. त्याचा संबंध आमच्या सुक्या बोंबलांशी आहे, कारण त्या बोंबलाला त्यांनी बॉम्बे डक म्हणून ठेवले होते. कलकत्त्याच्या गोऱ्यांना आणखी एक टोपणनाव होते: 'डिचर', म्हणजे खंदकवाले. ते मराठ्यांनी दिलेले बक्षीस. १७४२ साली नागपूरकर भोसल्यांच्या फौजा भास्करराम कोल्हटकरांच्या हाताखाली बंगालमध्ये उतरल्या तेव्हा घाबरलेल्या कलकत्तेकरांनी स्वतःच्या खर्चाने शहराभोवती खंदक खणायला घेतला. सात मैलांचा बेत होता. सहा महिन्यांत तीन मैल झाला, मराठे काही नदी ओलांडून शहराच्या जवळ आले नाहीत आणि काम तिथेच थांबले. पुढे तो अर्धा खंदक बुजवून त्यावरून रस्ता गेला. 'मराठा डिच' हा शब्द मात्र बुजला नाही. दीडशे वर्षांनी एखादा मद्रासचा कारकून कलकत्त्याच्या कारकुनाला डिचर म्हणून चिडवत होता तेव्हा, दोघांनाही कल्पना नसेल, पण तो बर्गीच्या, म्हणजे मराठा स्वारांच्या, भीतीची उधारी वसूल करत होता.

हे सगळे मौजेचे. पण कोशाच्या क्रियापदांकडे वळले की मौज जरा आवरावी लागते. साहेबांच्या बोलीत हिंदुस्थानी क्रियापदे शिरली ती अशी: 'पकरो', 'लगाओ', 'बनाओ', 'समझाओ', 'फुसलाओ', 'धमकाओ', 'घबराओ'. साहेब म्हणे, मी त्याला फुझिलो केले, मग डमकाउ केले, तरी तो बधला नाही. यूल शांतपणे टीप देतो की ही सगळी मुळात आज्ञार्थाची रूपे आहेत. हिंदुस्थानातल्या इंग्रजांची रीतच अशी की आज्ञार्थ उचलायचा आणि तो क्रियापदाचे मूळ रूप समजून चालवायचा. त्याने हे निव्वळ व्याकरणाचे निरीक्षण म्हणून लिहिले आहे. पण वाचणारा थबकतो. परकी भाषा शिकणारा माणूस तिची जी रूपे सर्वांत जास्त ऐकतो-बोलतो तीच त्याच्या तोंडी बसतात. साहेबाने नोकराशी, भोयाशी, शिपायाशी 'मी करतो', 'आपण करू', 'तू केलेस का' असे काही बोलण्याचे प्रसंग किती आले असतील? त्याच्या हिंदुस्थानीत एकच अर्थ होता, आज्ञार्थ. दोनशे वर्षांच्या राज्यकारभाराविषयी कित्येक ग्रंथांत जे सापडत नाही ते या चारदोन टीपांत आहे, आणि तेही लेखकाला न कळत.

भोयाचा उल्लेख आलाच आहे तर हेही सांगायला हवे. गोऱ्यांच्या घरी नोकराला 'बॉय' म्हणत, मग तो साठ वर्षांचा का असेना. हा इंग्रजीतला मुलगा की आमचा पालखी वाहणारा भोई? कोशाचा निवाडा असा की दोन्ही. दोन वेगळे शब्द उच्चाराच्या साम्यामुळे एकमेकांत मिसळले. मला तो पटतो. मालकाला मुलगा म्हणायला सोयीचे आणि चाकराला आपल्या धंद्याचे नाव ऐकू येते, तेव्हा भांडण कशाला?

'कुली'चा प्रवास याहून लांबचा आणि कडू. त्याचे मूळ पश्चिम हिंदुस्थानातल्या कोळ्यांच्या नावात असावे, असे कोश मानतो. मजुरी या अर्थाचा तमिळ कूलि हा शब्दही त्यात मिसळला. हिंदुस्थानात त्याचा अर्थ ओझे वाहणारा मजूर एवढाच राहिला. रेल्वे फलाटावर आपण तो वर्षानुवर्षे सहज वापरला. पण १८३४ नंतर, गुलामगिरी कायद्याने बंद झाली आणि उसाच्या मळ्यांना माणसे हवी झाली, तेव्हा करारावर बांधलेले मजूर मॉरिशसला, मग गयानाला, त्रिनिदादला, १८६० पासून नाताळला जाऊ लागले. मुंबई बंदरातून मॉरिशसला गेलेल्यांत कोकणातली माणसे होती. तिथला मराठी समाज त्यांच्यापासून सुरू होतो. या मुलखांत कुली हे कामाचे नाव राहिले नाही, ते जातीचे नाव झाले. दक्षिण आफ्रिकेत काळा कोट घातलेला वकील उभा राहिला तरी तो 'कुली बॅरिस्टर'. हे गांधीजींनी आत्मकथेत स्वतःबद्दल नोंदवले आहे. चीनमध्ये तोच शब्द चिनी मजुरांना लागला. एकच शब्द मुंबईच्या स्टेशनात पगडीसारखा मिरवायचा आणि डर्बनमध्ये चपराकीसारखा बसायचा. आज तिकडे तो उघडपणे शिवी मानला जातो. हॉब्सन-जॉब्सनमध्ये उगमाची चर्चा भरपूर आहे, उतारेही भरपूर आहेत. त्यात कुलीचे स्वतःचे म्हणणे कुठे नाही.

यूलच्या रागाचा मात्र कोशात एक वेगळाच पत्ता सापडतो. खिचडी. विलायतेत 'केजरी' म्हणून न्याहारीला जे वाढतात ते शिळ्या माशाचे, भाताचे आणि अंड्याचे मिश्रण असते. यूलने लिहिले आहे की हे चूक आहे. खिचडीबरोबर मासा खातात, पण मासा हा खिचडीचा भाग नव्हे. इतकी वर्षे इकडे काढलेल्या माणसाची ही कळकळ समजण्यासारखी आहे. विलायतेने ती ऐकली नाही. केजरीत मासा आजही आहे. त्याचप्रमाणे 'शॅम्पू'. कोशाच्या दृष्टीने त्याचा अर्थ अंग रगडणे, चंपी करणे. बिहारमधल्या पाटण्याचा साके दीन महंमद ब्रायटनला गेला आणि १८२०च्या सुमारास तिथल्या बड्या लोकांना वाफारा देऊन जे अंग रगडत असे, त्याला तो शॅम्पूइंग म्हणे. नंतर रगडण्याची जागा अंगावरून डोक्यावर गेली, मग डोक्यावरून बाटलीत. आणि 'बंगला': बंगालमधले गवताने शाकारलेले एकमजली घर, साहेबाचे. इंग्लंडात त्याचे आधी समुद्रकाठचे सुट्टीतले घर झाले आणि आता जिने चढवत नाहीत अशा म्हाताऱ्यांचे बैठे घर. पुण्यात बंगला म्हणजे दोन मजले, फाटक आणि कुत्र्यापासून सावध राहण्याची पाटी. तिघांपैकी कोणीही दुसऱ्याला चूक म्हणू शकेल आणि कोणाचेही काही बिघडणार नाही.

इथे तंजावरचाच आणखी एक धागा आठवतो. शिवाजी महाराजांच्या आज्ञेने झालेल्या राजव्यवहारकोशाचे कर्तृत्व ज्या रघुनाथपंत हणमंत्यांकडे सांगितले जाते, तेही तंजावरच्या व्यंकोजीराजांच्या पदरी, कर्नाटकाच्या कारभारात होते. त्या कोशाने दरबारातले हजारावर फारसी-अरबी शब्द धरून त्यांना संस्कृत पर्याय दिले: परके शब्द हाकलायचे म्हणून जमवले. दोनशे वर्षांनी त्याच भागात बसलेल्या बर्नेलने परके शब्द जमवले ते जपण्यासाठी. राज्य करणाऱ्याला परक्या शब्दांची भीती नसते, राज्य उभे करणाऱ्याला असते; मला तरी फरक एवढाच दिसतो. राजव्यवहारकोशातले बरेच पर्याय कागदावरच राहिले आणि आपण आजही अर्ज, तारीख, हुकूम म्हणतो, हा भाग निराळा.

हॉब्सन-जॉब्सनच्या वेळी ऑक्सफर्डमध्ये जेम्स मरी न्यू इंग्लिश डिक्शनरीचे अवाढव्य काम चालवत होता, जी पुढे ऑक्सफर्ड इंग्लिश डिक्शनरी म्हणून ओळखली गेली. तिचा पहिला भाग १८८४ साली निघाला. यूल आणि मरी एकमेकांना ओळखत होते, आणि पूर्वेकडच्या शब्दांसाठी मरीच्या कोशाने या कोशाचा भरपूर उपयोग केला. मरीला आणखी एक मदतनीस असा होता की ज्याचे संस्कृत काशीत पक्के झाले होते: अमेरिकन फिट्झएडवर्ड हॉल, काशीच्या संस्कृत कॉलेजातला माजी अध्यापक, जो नंतर सफोकमधल्या एका खेड्यात बसून रोज तासन्‌तास मरीची मुद्रिते तपासत असे. इंग्रजीचा सर्वांत मोठा कोश घडत असताना हिंदुस्थानची अशी माणसे आणि अशी पुस्तके त्याच्या आसपास होती.

पण यूलच्या एका तर्काला मरीने थारा दिला नाही. 'मला त्याची डॅम पर्वा नाही' असे इंग्रज माणूस म्हणतो तेव्हा तो शिवी देतो, असे सगळे समजतात. यूलने सुचवले की हा डॅम म्हणजे मोगलांचा तांब्याचा दाम. दमडीची पर्वा नाही, एवढेच तो बिचारा म्हणतो आहे. हेतूत पाप असेल, शब्दाच्या उगमात नाही. इतरांना सालवार पुरावा मागणाऱ्या माणसाने इथे फक्त कल्पनेवर भिस्त ठेवली होती, कारण कल्पना फार गोड होती. मरीच्या कोशात डी अक्षराचा खंड १८९७ साली पुरा झाला. त्यात ही कल्पना चतुराईची आहे, पण वस्तुस्थितीचा तिला आधार नाही, असे बजावून लिहिले आहे. यूल १८८९च्या डिसेंबरात वारला होता, त्यामुळे उत्तर द्यायला तो नव्हता. १९०३ साली विल्यम क्रुक या बंगाल सिव्हिल सर्व्हिसच्या माणसाने हॉब्सन-जॉब्सनची वाढवलेली आवृत्ती काढली. आज बाजारात मिळते ती बहुतेक तीच. दामाची गोष्ट तिच्यातही आहे, आणि ऑक्सफर्डने नाकारून शंभराहून अधिक वर्षे झाली तरी इंग्रजी शिकवणारे आमचे कित्येक मास्तर ती वर्गात अजून खरी म्हणून सांगतात.